सुमित्राबाई भावे यांचे चित्रपट
(मंडळाच्या वर्धापनदिनी एका सभासद भगिनीने केलेले भाषण)



वर्धापनदिनाला चार शब्द बोला, असे चिटणीसबाईंनी सांगितले तेव्हा मी आधी नाहीच म्हटले. शाळेत तीस वर्षे मराठी शिकवले खरे. पण वर्गात बोलणे वेगळे आणि आपल्यासारख्या जाणत्या बायकांपुढे बोलणे वेगळे. वर्गातली मुले उठून जाऊ शकत नाहीत. तुम्ही जाऊ शकता, आणि आज तर मागच्या खोलीतून बटाटेवड्यांचा वासही येऊ लागला आहे. तेव्हा मी तुमचा फार वेळ घेणार नाही.

'एका कर्तबगार स्त्रीची कारकीर्द' असा विषय मला दिलेला आहे. पुष्कळजणींना वाटले असेल की मी सावित्रीबाईंवर किंवा पंडिता रमाबाईंवर बोलेन. त्या थोर खऱ्याच. पण त्यांच्याबद्दल आपण दरवर्षी ऐकतो. मी आज ज्यांच्याविषयी सांगणार आहे त्या आपल्याच काळातल्या. त्यांचे नाव सुमित्रा भावे. जन्म पुण्याचा, १९४३ च्या जानेवारीतला; आणि १९ एप्रिल २०२१ रोजी पुण्यातच त्या वारल्या. चित्रपट लिहिणे आणि दिग्दर्शित करणे हा त्यांचा व्यवसाय. व्यवसाय म्हणायचे ते आपले शब्द अपुरे म्हणून. मोठ्या चित्रपट कंपनीच्या आश्रयाने त्यांनी हे केले नाही. जो विषय मनाला लागला तो लिहायचा, आणि मग त्यासाठी पैसे देणारे कोणी भेटते का ते पाहायचे, अशी त्यांची उलटी रीत.

बरे, त्या लहानपणापासून सिनेमावेड्या होत्या म्हणावे, तर तसेही नाही. फर्ग्युसन महाविद्यालयात त्या शिकल्या, मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत शिकल्या. पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत दहा वर्षे शिकवले. दिल्ली आकाशवाणीवर मराठी बातम्या वाचल्या. आणि पहिला लघुपट केला तो १९८५ साली, म्हणजे वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी. बेचाळिसावे वर्ष कसे असते ते मी तुम्हाला सांगायला नको. मुले दहावी-बारावीला, वडीलधाऱ्यांची दुखणी, स्वतःचे गुडघे बोलू लागलेले. त्या वयात नवी भिशी सुरू करायची तरी आपण दहादा विचार करतो. या बाईंनी कॅमेऱ्याचे कसलेही शिक्षण नसताना चित्रपट करायला घेतला.

का घेतला, हे समजून घेण्यासारखे आहे, कारण पुढच्या साऱ्या कामाची मुळी तेथेच आहे.

पुण्यातील 'स्त्रीवाणी' या संशोधनाच्या कामात त्या होत्या. वस्तीत राहणाऱ्या दलित, कष्टकरी स्त्रियांना स्वतःविषयी काय वाटते, आपण कोण आहोत असे त्यांना वाटते, हा त्या संशोधनाचा विषय होता. आता संशोधन म्हणजे काय ते वस्तीतल्या बायकांना चांगले ठाऊक असते. कोणीतरी वही घेऊन येते, प्रश्न विचारते, आपला चहा पिते आणि निघून जाते. पुढे त्या वहीचे काय झाले ते कधी कळत नाही. सुमित्राबाईंच्या मनाला हीच गोष्ट खात असली पाहिजे. ज्या बायकांनी आपले आयुष्य मोकळेपणाने सांगितले त्यांतल्या कित्येकींना अक्षर वाचता येत नव्हते. अहवाल लिहिला तरी तो त्यांच्या हाती पडून उपयोग नाही. त्यांतल्या आठ स्त्रियांच्या कहाण्यांचे पुस्तक १९८८ साली निघाले, गेल ऑम्व्हेट यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला, 'पॅन ऑन फायर' असे त्याचे नाव. मोलाचे पुस्तक आहे. पण ज्यांची ती कहाणी, त्यांना इंग्रजी कुठले वाचता यायला? त्यांचे त्यांना परत द्यायचे तर ते डोळ्यांना दिसले पाहिजे, कानांना ऐकू आले पाहिजे. म्हणून चित्रपट.

तो पहिला लघुपट म्हणजे 'बाई'. वस्तीतल्या एका बाईची गोष्ट. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यानंतर १९८७ साली 'पाणी', खेड्यातल्या बायकांच्या पाण्यासाठीच्या खटपटीचा, त्यालाही मिळाला. मला पुरस्कारांपेक्षा या नावांचे कौतुक अधिक वाटते. बाई आणि पाणी! आपल्या साऱ्या दिवसाचे वर्णन या दोन शब्दांत होते की नाही?

त्यांच्याबरोबर सुरुवातीपासून सुनील सुकथनकर होते. वयाने कितीतरी लहान. पुढे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये रीतसर शिकून आले. मोठे चित्रपट या दोघांनी जोडीने दिग्दर्शित केले. गाणी पुष्कळदा सुनीलरावांची, आणि कथा, पटकथा, संवाद सुमित्राबाईंचे. दिग्दर्शनात दोन डोकी असली तर भांडणे होतात असा आपला समज आहे. पण पस्तीस वर्षे ही जोडी टिकली, चौदाच्या वर मोठे चित्रपट झाले आणि पन्नासच्या वर लघुपट. आपल्या मंडळाची कार्यकारिणी तीन वर्षे टिकत नाही. (हशा झाला म्हणून सांगते, मी हे टीका म्हणून म्हटलेले नाही.)

त्यांचा 'चाकोरी' नावाचा एक लघुपट आहे, १९९२ सालचा. नवऱ्याने टाकलेली एक तरुण मुलगी सायकल चालवायला शिकते. एवढेच. पण आमच्या लहानपणी गावात दवाखान्यातल्या नर्सबाई सायकलीवरून जात आणि पोरेच काय, ओट्यावरचे म्हातारेदेखील हसत. आम्ही मुलीही हसत होतो. का हसत होतो, ते मला आजही सांगता येत नाही. ती नर्सबाई रात्री दोन वाजता बाळंतिणीकडे धावत जायची, ती त्याच सायकलीवरून.

आता 'दोघी'. हा त्यांचा पहिला मोठा चित्रपट, १९९५ चा. गौरी आणि कृष्णा या दोन बहिणी. गौरीच्या लग्नाच्याच दिवशी वऱ्हाडाला अपघात होतो, नवरामुलगा जातो, आणि सारा दोष त्या मुलीच्या पायगुणावर येतो. घर खचते. मामा तिला मुंबईला नेतो, आणि तेथे तिच्या वाट्याला काय येते ते मी सांगायला नको. तिचे पैसे मात्र घरी येत राहतात. घर त्या पैशांवर उभे राहते, आणि ती परत येते तेव्हा तिला उंबऱ्याच्या आत घ्यायला आईचे मन होत नाही. ते काम उत्तरा बावकर यांनी केले आहे. रेणुका दफ्तरदार आणि सोनाली कुलकर्णी या बहिणी. त्यातल्या गाण्यासाठी अंजली मराठे हिला लहान वयात राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि चित्रपटालाही सामाजिक विषयावरचा म्हणून मिळाला.

या 'दोघी'वरून आपल्याकडे जे झाले ते येथे सांगणे भाग आहे. काही वर्षांपूर्वी मंडळात चित्रपट दाखवायचे ठरले, तेव्हा एका भगिनीने 'दोघी' सुचवला. कार्यकारिणीत चर्चा झाली. 'विषय चांगला आहे, पण आपल्याबरोबर सुना-मुली असतात', 'वर्गणीदार काय म्हणतील', असे निघाले आणि शेवटी 'दहावी फ' दाखवायचा ठरला. 'दहावी फ' उत्तमच आहे. 'फ' तुकडीतली मुले रागाच्या भरात शाळेतली मोडतोड करतात, आणि त्यांच्याकडून ती भरून काढून घेण्यासाठी एक शिक्षक धडपडतात. मी स्वतः वर्षानुवर्षे शेवटच्या तुकडीला शिकवले, मला तो पाहताना दोनदा डोळे पुसावे लागले. पण त्या सभेत 'दोघी' नको असे ज्यांनी म्हटले त्यांत मीही होते. मुलीला घरात न घेणाऱ्या आईचा चित्रपट आम्हीच मंडळाच्या दारात अडवला, हे माझ्या घरी जाऊन चहा ठेवताना लक्षात आले. तोवर ठराव लिहून झाला होता.

पैशांबद्दल थोडे बोलते, कारण स्वतंत्रपणे काम करणे म्हणजे काय ते पैशांत दिसते. 'दोघी'ला राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा हात होता. पण पुढे सुमित्राबाईंनी वेगळीच वाट धरलेली दिसते. ज्याला त्या दुःखाची झळ लागली आहे, तोच पुढे येऊन चित्रपट उभा करतो. 'नितळ' घ्या, २००६ चा. अंगावर कोड असलेल्या, डोळ्यांची डॉक्टर असलेल्या नीरजाची ती कथा. तो चित्रपट काढला डॉ. माया तुळपुळे यांच्या श्वेता असोसिएशनने. या बाईंना स्वतःला कोड आहे, आणि तशा माणसांसाठी त्यांनी ही संस्था काढली. त्यांना चित्रपटातून नफा नको होता. त्यांना हवे होते ते एवढेच की, मुलगी पाहायला आलेल्यांनी आधी तिच्या हाताकडे आणि मग तोंडाकडे पाहू नये. नीरजा आपल्या मित्राच्या मोठ्या कुटुंबात जाते आणि घरातला प्रत्येकजण आपापल्या परीने तिच्याकडे पाहतो; त्या पाहण्याचाच सगळा चित्रपट आहे. आपल्या मंडळात वधूवरांची नोंदवही आहे. तिच्यात 'काही व्यंग असल्यास' असा एक रकाना आहे. तो रकाना कोणी आखला, हे मी शोधले. मीच आखला होता. माझेच अक्षर आहे.

असा पैसा घेण्याचा फायदा असा की, मध्येच एक नाच घाला, शेवट गोड करा, असे सांगायला कोणी येत नाही. तोटाही आहे. चित्रपट तयार होतो, पण तो लोकांपर्यंत नेणारा व्यापारी मिळत नाही. चित्रपटगृहवाल्याला खुर्च्या भराव्या लागतात. त्याचेही मी चूक म्हणत नाही. त्यामुळे सुमित्राबाईंच्या कित्येक चित्रपटांचे असे झाले की, महोत्सवांत गाजले, दिल्लीहून सन्मान आला, आणि आपल्या गावात मात्र आलेच नाहीत. 'वास्तुपुरुष' हा तर त्या वर्षीचा उत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला. कुळकायद्यानंतर उतरणीला लागलेले देशपांड्यांचे घर, आणि मुलाने डॉक्टर होऊन गोरगरिबांची सेवा करावी म्हणून हट्टाला पेटलेली त्याची आई. आपल्यातल्या कितीजणींनी तो पाहिला आहे? हात वर करू नका, मला अंदाज आहे.

'अस्तु'चेही तसेच. चित्रपट झाला २०१३ साली, त्याच्या संवादांसाठी सुमित्राबाईंना आणि अभिनयासाठी अमृता सुभाष यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, तरी चित्रपटगृहात यायला पुढे काही वर्षे गेली. मी तो २०१६ साली पुण्याला मुलीकडे गेले असताना पाहिला. दुपारचा खेळ होता, तीस-पस्तीस माणसे असतील.

कथा थोडक्यात सांगते. संस्कृतचे मोठे प्राध्यापक चक्रपाणी शास्त्री निवृत्त झालेले आहेत, आणि त्यांना विसरण्याचा रोग जडला आहे. ते काम डॉ. मोहन आगाशे यांनी केले आहे. मुलगी इरा त्यांना गाडीत बसवून क्षणभर बाजूला जाते. रस्त्यावरून हत्ती चाललेला असतो. शास्त्रीबुवा लहान मुलासारखे गाडीतून उतरून हत्तीमागे निघून जातात. मुलगी दिवसभर शोधते. आणि इकडे माहुताची बायको चन्नम्मा, जिची भाषा कानडी, जिच्या घरी आधीच खाणारी तोंडे पुष्कळ, ती या अनोळखी म्हाताऱ्याला मुलासारखे सांभाळते. तेही तिला आई समजू लागतात. जन्मभर शास्त्र शिकवलेला माणूस आणि ही बाई!

भगिनींनो, यापुढचे मी कागदावर लिहून आणले होते आणि काल रात्री खोडले होते. आज सकाळी परत लिहिले.

आमच्या सासूबाई तुमच्यापैकी जुन्या सभासदांना आठवत असतील. त्यांच्या हातचे सांडगे या मंडळाच्या पहिल्या विक्री-प्रदर्शनात होते. २००८-०९ च्या सुमारास त्या विसरू लागल्या. आधी डब्यांची झाकणे, मग माणसांची नावे, मग मी कोण तेही. दुपारी डोळा लागला की त्या परकर-पोलक्यावर बाजाराकडे चालू लागत. भाजीवाली हाताला धरून परत आणून सोडी. मला तिचे उपकार वाटण्याऐवजी लाज वाटे. डॉक्टरांनी रोगाचे नाव सांगितले होते. पण नाव कळले म्हणून चिडचिड थांबत नाही. एकच प्रश्न चाळीस वेळा विचारला की एकेचाळिसाव्या वेळी तोंडून जे निघते ते निघतेच.

त्या वर्षी चैत्रगौरीचे हळदीकुंकू आमच्याकडे होते. मी सासूबाईंना मागच्या खोलीत ठेवले आणि बाहेरून कडी घातली. त्या हाका मारतील म्हणून रेडिओ मोठा लावला. तुमच्यापैकी सात-आठजणी त्या दिवशी माझ्या घरी होत्या. पन्हे घेताना कोणीतरी विचारले, 'आजी दिसत नाहीत?' मी म्हटले, 'नणंदेकडे गेल्यात.' २०११ साली त्या गेल्या.

म्हणजे मी 'अस्तु' पाहिला तो पाच वर्षे उशिरा. मला वाटले होते की या चित्रपटात त्या मुलीला, इराला, नावे ठेवलेली असतील, आणि ती ऐकायला मी मनाची तयारी करून बसले होते. तशी काही नावे कोणी ठेवली नाहीत. ती मुलगी दमलेली आहे, तिचा संसार आहे, तिचे वडिलांवर प्रेम आहे, आणि तरी तिला हे झेपत नाही, हे सगळे त्या चित्रपटाला ठाऊक आहे. चन्नम्मा देवी नाही आणि इरा वाईट नाही. हे ज्या बाईने लिहिले तिने कुणाच्या तरी घरात बसून पुष्कळ ऐकून घेतले असले पाहिजे. वस्तीतल्या बायकांचे ऐकले तसेच. खेळ संपल्यावर मुलगी म्हणाली, 'आई, चल ना.' मी म्हटले, 'थांब जरा.' झाडूवाला आला तेव्हा उठलो.

असो.

पुढे 'कासव' आला आणि २०१७ साली त्याला सुवर्णकमळ जाहीर झाले. साऱ्या भारतातला त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट चित्रपट! मराठीत हा मान त्याआधी फक्त चौघांना मिळाला होता: अत्र्यांचा 'श्यामची आई', मग 'श्वास', 'देऊळ' आणि 'कोर्ट'. 'कासव'मधली जानकी ही स्वतः मनाच्या दुखण्यातून गेलेली बाई. तिला जीव द्यायला निघालेला एक मुलगा सापडतो. ती त्याला कोकणात समुद्रकाठी आणते. तेथे कासवाच्या अंड्यांची राखण करणारे लोक आहेत. त्या मुलाला कोणी उपदेश करीत नाही, नाव-गावदेखील विचारीत नाही. त्याला जेवायला घालतात आणि वाट पाहतात. मला शाळेतले दोन मुलगे आठवले. त्यांना आम्ही सगळ्यांनी मिळून फार उपदेश केला होता.

'वेलकम होम' त्याच्या नंतरचा, २०१९ सालचा. नवऱ्याचे घर सोडून लेकीसह माहेरी आलेली शिकलीसवरलेली बाई विचारते की, माझे घर कोणते? या विषयावर आपल्याकडे परिसंवाद ठेवला तर जेवणाची वेळ टळेल, म्हणून मी पुढे जाते.

शेवटचा चित्रपट 'दिठी'. दि. बा. मोकाशी यांच्या 'आता आमोद सुनासि आले' या कथेवरचा. कथा आपल्यातल्या वाचणाऱ्या भगिनींना माहीत असेल. रामजी लोहार वारकरी आहे. त्याचा एकुलता एक तरुण मुलगा पुरात वाहून गेला आहे, आणि त्याचे मन पोथीतही लागत नाही, विठ्ठलावरही उरलेले नाही. अशात पावसाच्या रात्री अडलेल्या गाईला सोडवायला त्याला बोलावणे येते. गावात ते काम त्याच्याच हातचे. किशोर कदम यांनी रामजी केला आहे. ही कथा सुमित्राबाईंच्या मनात कित्येक वर्षे होती म्हणतात. चित्रपट पुरा झाला तो २०१९ साली, आणि घराघरांत पोचला तो २१ मे २०२१ ला, इंटरनेटवरून. त्या वारल्याला महिना झाला होता. ते करोनाचे दिवस. चित्रपटगृहे बंद होती आणि आपल्या गल्लीत एकाआड एक घरी कोणीतरी गेलेले होते. मी तो नातवाच्या संगणकावर पाहिला. गाय व्याल्यावर रामजीचा चेहरा दिसतो तेथे नातवाने थांबवून विचारले, 'आजी, तो रडतोय का हसतोय?' मी म्हटले, 'पुढे चालू दे.'

आता शेवटचे, आणि हे चिटणीसबाईंच्या परवानगीने सांगते. पुढच्या महिन्यापासून दर दुसऱ्या शनिवारी या सभागृहात सुमित्राबाईंचा एकेक चित्रपट दाखवायचे कार्यकारिणीने मान्य केले आहे. त्याची रीतसर परवानगी काढण्याचे काम माझ्याकडे आहे. पहिला 'दोघी'. या वेळी ठरावाला सूचक मी आहे, आणि अनुमोदन ज्यांनी दिले त्यांनी मागच्या वेळी माझ्याबरोबरच विरोध केला होता. दुसरा 'अस्तु'. खिडक्यांचे पडदे पातळ आहेत, म्हणून खेळ संध्याकाळी सातनंतरच होईल. स्वयंपाक उरकून यावे. आणि ज्यांच्या घरी एखादे म्हातारे माणूस आहे, ज्याला एकटे ठेवून येता येत नाही, त्यांनी त्याला बरोबर घेऊन यावे. मध्येच बोलले, उठले, हाका मारल्या तरी कोणी मागे वळून पाहणार नाही. पुढच्या रांगेत दोन आरामखुर्च्या ठेवायच्या आहेत. एक आमच्याकडची आहे, सासूबाईंची. दुसरी कोणाकडे असल्यास कळवावे.